मदत हवी आहे: कळलावीचे कंद उन्हाळ्यात जमिनीतच ठेवावेत का?

मंडळी, जळगावकडची भारी काळी जमीन, कुंपणालगत कळलावीचा (अग्निशिखा, कंदापासून वाढणारी फुलवेल) वाफा. पाणी साचलं की कंद सडतो, म्हणून वाफा वीतभर उंच केलाय. निम्मी काळी माती, बाकी जाड वाळू आणि कुजलेलं शेणखत. कंद आडवे, ५-६ सेंमी खोल. डोळा (कोंब फुटायची जागा) असतो फक्त टोकाला, तो मोडला की कंद टणक दिसूनही उगवत नाही, त्यामुळे उचलताना टोकाला धक्का लागू देत नाही. पानाच्या शेंड्याचा आकडा बारीक काडीच धरतो, म्हणून बांबूऐवजी तुरकाठ्या रोवल्यात.

आता प्रश्न. वेल वाळल्यावर कंद जागेवरच ठेवावेत की काढावेत? सातपुड्यात ते झाडोऱ्याच्या सावलीत तग धरतात, पण इथे मे महिन्यात पारा ४४-४५ वर जातो आणि काळ्या मातीला भेगा पडून कंद उघडा पडतो. काढून कोरड्या वाळूत ठेवले तर सुरकुततात. वर केळीच्या वाळल्या पानांचं जाड आच्छादन कुणी करून पाहिलंय का? वाळवीचं काय होतं?

दुसरं, काळ्या अंगावर पांढरे-तांबडे ठिपके असलेली अळी शेंडे आणि कळ्या फस्त करते. हाताने वेचणं सुरूच आहे. निंबोळी अर्क ५ टक्के कितपत चालतो?

बारीक कंदाला पहिल्या वर्षी नुसती पानंच येतात, ते ठाऊक आहे. आणि हो, सगळं झाड विषारी, कंद तर जास्तच. लहान मुलं, गुरं असतील तिथे लावू नका.