ऊसतोड टोळीवर माहितीपट: फडातला आवाज, रात्रीची भरणी आणि बायकांचं बोलणं

वेदगंगाकाठ
निपाणी-चिकोडी भागात ऊसतोड कुटुंबांवर 20 मिनिटांचा माहितीपट करतोय. माणसं दोन, कॅमेरा एक, लेपल (कपड्याला लावायचे) माइक दोन. फडात पाचटाच्या खसखशीत बोलणं बुडतं. रात्री ट्रॉली भरताना चित्र दाणेदार येतं. आणि कॅमेरा लावला की बायका "त्यांनाच विचारा" म्हणून नवऱ्याकडं बोट दाखवतात. काय करावं?

आवाजघर
फडात मुलाखत घेऊच नका. तिथं फक्त कामाचे आवाज घ्या: बुडख्यावर बसणारा कोयता, मोळी बांधताना करकरणारा वाढ्याचा (उसाच्या हिरव्या शेंड्याचा) पीळ. लेपल लावायचाच तर साडीवरच्या शर्टाच्या आत, चिकटपट्टीच्या दोन त्रिकोणी घड्यांमध्ये दाबून, आणि तो त्यांच्या त्यांनाच लावू द्या. वायरीला एक सैल वेढा ठेवा. हात उगारला की ताण माइकवर येतो, खरखर तिथनंच सुरू होते. माइकचा ट्रान्समीटर (अंगावर लावायचा डबा) प्लास्टिकच्या पिशवीत घाला, घामानं बंद पडतो.

बोलायची खरी वेळ म्हणजे तोड संपून गाडीची वाट बघत बसतात ती. खोपीवर (झोपडीवर) गेल्यावर चूल, पाणी, पोरं. बाईला उसंत नसते. गाडी कधी लागणार ते कारखान्याच्या चिटबॉयला (तोडीची चिठ्ठी देणाऱ्याला) विचारून ठेवा.

रात्रपाळी
सेकंदाला 25 फ्रेम, शटर 1/50. आपली वीज 50 हर्ट्झची, त्यामुळं कारखान्याच्या दिव्यांखाली पट्टे येत नाहीत. आयएसओ (कॅमेऱ्याची उजेडाची संवेदनशीलता) कमी ठेवून नंतर उजळवलं की दाणे वाढतात. त्यापेक्षा एफ 1.8 ची, जास्त उजेड घेणारी लेन्स लावून आयएसओ 3200 वर चेहरा तिथंच नीट घ्या. ट्रॅक्टरच्या झोताच्या बाजूला उभं राहा. स्वतःचा दिवा फळीकडं कधीच रोखू नका. डोक्यावर मोळी घेऊन अरुंद फळीवरनं चढणाऱ्याचे डोळे दिपले तर पाय चुकतो.

सीमाभागकर
बोट दाखवण्यामागं कारण आहे. टोळीच्या हिशेबात कोयता म्हणजे नवरा-बायको मिळून एक. उचल (आगाऊ रक्कम) नवऱ्यानं घेतलेली, टोळी आणणाऱ्या मुकादमाच्या वहीत नाव त्याचंच. पैशानं सुरुवात केलीत तर ती गप्पच बसणार. किती वाजता उठता, पाणी कुठनं आणता, मासिक पाळीत अंग दुखलं तरी फडात जावं लागतं का, हे विचारा. मग खाडा पडल्यावर किती कापतात ते तीच सांगते.

मुकादमाची परवानगी आधी घ्या, पण त्याला शेजारी बसू देऊ नका. एकानं त्याची मुलाखत लांबच्या बांधावर मोबाईलवर घ्यावी, तेवढ्यात दुसऱ्यानं बाईशी बोलावं. ती दुसरी व्यक्ती बाईमाणूस असेल तर फारच बरं.

संमती कॅमेऱ्यावर घ्या. बीडकडच्या टोळीला मराठीत, विजापूरकडच्या बंजारा तांड्यांवरच्या टोळीला त्यांच्या गोरमाटी बोलीत समजावून. कच्चं संकलन मोबाईलवर दाखवून पुन्हा विचारा. उचल फिटलेली नसताना माहितीपट बाहेर आला तर त्रास तिलाच होणार, म्हणून गाडीचा नंबर आणि मुकादमाचं नाव काढून टाका. काम करणाऱ्या पोरांचे चेहरे नकोतच. बाल न्याय कायदा 2015 च्या कलम 74 नुसार अशा मुलांची ओळख उघड करायला मनाई आहे.

वेदगंगाकाठ
दोन बांधांची युक्ती उद्याच करून बघतो. खोपीवर वीज नाही, बॅटऱ्यांचं काय?

रात्रपाळी
दिवसाला चार धरा आणि रात्री गावात चार्ज करा. टोळीच्या सोलर दिव्यावर लावू नका, त्यांची भाकरी त्याच उजेडात होते.