खिडकीतला पंखा पुरतो म्हणे! स्वस्तातल्या डस्ट कलेक्टरवर आणखी पैसे घालावेत का?

पटाशी, डिचोली

काल 'वाकस' यांनी इथे, आपल्या मंचावर, लिहिलं की घरच्या सुतारकामाच्या शॉपमधला दोन एचपीचा पिशवीवाला डस्ट कलेक्टर, म्हणजे मशीनखालची लाकडाची धूळ पाइपातून ओढणारं यंत्र, सुधारत बसणं म्हणजे म्हाताऱ्या बैलाला झूल घालणं. खिडकीत एक्झॉस्ट पंखा लावा, तोंडाला पंचा बांधा, झालं. शेवटी हेही की "आमचे मेस्त (सुतार) जन्मभर भुशात बसले, काय झालं त्यांना?" दोन ओळींत उत्तर देणार होतो. रात्रभर डोक्यात तेच फिरत राहिलं, म्हणून लांबतंय.

काय झालं त्यांना, ते आमच्या घरी येऊन बघा. आजोबांकडे हातरंधा आणि हातकरवत. रंध्यातून निघायच्या त्या ढलप्या, आजी त्यांनी चूल पेटवायची. ते शेवटपर्यंत माट्टीच्या लाकडाची तुळई एकट्याने फिरवत होते. बाबांनी मशीन आणलं, मग लाकूड घासायचा सँडर आणला, मग एमडीएफचं, म्हणजे लाकडाचे तंतू डिंकाने दाबून केलेल्या फळ्यांचं, काम सुरू झालं. आज बाबा देवळाच्या पायऱ्या चढताना दोनदा थांबतात. आजोबांचा भुसा जमिनीवर पडत होता, बाबांचा हवेत राहिला. फरक एवढाच. दहा मायक्रॉनच्या खालची धूळ डोळ्यांना दिसत नाही आणि लवकर खालीही बसत नाही. लाकडाची धूळ १९९५ सालीच जागतिक आरोग्य संघटनेच्या कर्करोग संस्थेने पहिल्या गटात टाकली आहे, तंबाखूच्या पंगतीत. नाकाचा आणि सायनसचा कॅन्सर. पंचा बांधून ती अडत नाही.

आता माझं यंत्र. आलं तेव्हा वरची कापडी पिशवी चालू केल्याबरोबर धुरासारखी फुंकायची. मोठी ढलपी आत आणि बारीक पीठ परत माझ्याच नाकात. म्हणजे पैसे देऊन धूळ उडवायचं मशीन घेतलं होतं. मी मोटर बदलली नाही, पंखाही नाही. पहिल्यांदा पिशवी काढून घड्यांचा पॉलिएस्टर कॅनिस्टर, म्हणजे उभ्या डब्यासारखा फिल्टर, बसवला. घड्यांमुळे पिशवीच्या कितीतरी पट कापड मिळतं, हवा सहज बाहेर पडते, म्हणून ओढही वाढली. मग तोंडावरचा दोन फाट्यांचा चार इंची जोड काढून फेकला आणि सहा इंची, म्हणजे दुकानात १६० एमएम म्हणतात तो पीव्हीसी पाइप सरळ टेबल सॉपर्यंत, म्हणजे टेबलात बसवलेल्या गोल करवतीपर्यंत, नेला. चारच्या जागी सहा इंच म्हणजे दीडपट नव्हे, सव्वादोन पट वाट. नालीदार होज पंधरा फूट होता, तो तीन फुटांवर आणला. मशीन तेच, पण आता सॉखाली हात घातला की ओढ जाणवते.

खर्च नव्या मशीनच्या निम्म्याहून कमी आला. बोला आता.

वाकस, पेडणे

बोलतो. 'पहिला गट' म्हणून घाबरवणं थांबवा. त्या गटाचा अर्थ पुरावा पक्का आहे एवढाच, धोका सगळ्यांचा सारखा असा नाही. त्याच पंगतीत खारवलेली मासळी बसली आहे. २०१५ पासून प्रक्रिया केलेलं मांस, म्हणजे आमचा चोरीससुद्धा. उद्यापासून खारे बांगडे बंद का?

दुसरं म्हणजे तुम्ही कॅनिस्टरचं कौतुक करता, पण सगळ्यात चांगला फिल्टर कुठला? नसलेला! माझं शॉप घराच्या मागे आहे, त्याच्यामागे कुळागर. कलेक्टरचं तोंड भिंतीतून बाहेर काढलं, पिशवी नाही, कॅनिस्टर नाही, अडथळा शून्य. धूळ सुपारीच्या झाडांना. तुमच्या सहा इंचाएवढी ओढ माझ्या चार इंचात मिळते.

पटाशी

खारे बांगडे नव्हे, चिनी पद्धतीने खारवलेली मासळी आहे त्या यादीत. आणि बांगडा मी आठ तास नाकात घालून बसत नाही.

बाहेर सोडायचं म्हणत असाल तर मान्य, ज्याच्याकडे कुळागर आहे त्याने जरूर सोडावं. फिल्टरचा अडथळा जातो हे खरंच. पण काल तुम्ही हे लिहिलं नव्हतं, 'खिडकीत पंखा' लिहिलं होतं. पंखा धूळ ओढतो तो आधी तुमच्या तोंडासमोरून नेऊन. शिवाय जुलैत जेवढी हवा बाहेर फेकाल तेवढी ओली हवा दारातून आत येणार. तुमच्या सॉचं बिडाचं टेबल चवथीपर्यंत तांबडं होत नाही का?

सोलकढी, फोंडा

बाहेर सोडणाऱ्यांनी माझी गोष्ट ऐका. मी सुतार नाही, सुताराची शेजारीण आहे. आमच्या खालच्या पार्किंगात एका हौशी माणसाने शॉप थाटलं आहे. मे महिन्यात गच्चीवर सासूबाईंनी सोलां (कोकमाची सालं) वाळत घातली होती, चार दिवस राखण करून, कावळे हाकलून. ह्या गृहस्थाने खालून पाइप वर काढला आणि संध्याकाळी सगळ्या सोलांवर फिकट पिठाचा थर. लाकूडही नाही हो, एमडीएफ! म्हणजे डिंक. ती फेकून दिली. सासूबाई त्या दिवसापासून त्यांना 'पिठाची गिरण' म्हणतात.

तो येऊन म्हणतो, वहिनी, धुऊन घ्या ना. वाळवलेली सोलां धुऊन!

वाकस

फ्लॅटच्या पार्किंगात टेबल सॉ चालवणाऱ्याचं खापर माझ्यावर का?

रंधा, मडगाव

पार्किंगवाला मी नव्हे, आधीच सांगतो.

पटाशींचा क्रम पटतो, पण सेपरेटर, म्हणजे कलेक्टरच्या आधी भुसा वेगळा पाडणारा ड्रम, का वगळला? ड्रमवर 'थिन' नावाचा बॅफल, म्हणजे आडवी चकती, बसवला की भुसा ड्रममध्ये पडतो आणि कॅनिस्टरपर्यंत पीठच जातं. माझा कॅनिस्टर आता महिन्याने झाडतो, पूर्वी दर रविवारी. आणि फणसाच्या फळ्या प्लेन केल्या की पिवळा ढीग ड्रममध्ये बघताना जे समाधान मिळतं ते वेगळंच. चकतीला कडेने दोनशे चाळीस अंशांची फट, बस्स.

वायंडिंगवाले काका, म्हापसा

सेपरेटर लावा आणि मोटर माझ्याकडे घेऊन या. बावीस वर्षं मोटरी बांधतोय. गेल्या वर्षी तीन कलेक्टर आले, तिन्ही जळलेले, तिन्हींना असलाच ड्रम जोडला होता. पाइपात अडथळा आला की पंख्याला जोर पडतो, मोटर जास्त करंट खाते, आतल्या तारेचं वायंडिंग काळं. इंटरनेटवर चकत्या कापायला शिकवतात, मोटरीचं कोणी सांगत नाही.

रंधा

काका, मान राखून सांगतो, उलटं आहे. हा पंखा हवा फेकतो, ते त्याचं काम. वाट अडली, हवा कमी आली, काम कमी झालं, करंट खाली येतो. मोटरीवर सगळ्यात जास्त ओझं कधी, तर पाइप, होज सगळं काढून तोंड उघडं ठेवाल तेव्हा. व्हॅक्यूम क्लीनरच्या तोंडावर हात ठेवून बघा, आवाज चढतो. ओझं वाढलं असतं तर उतरला असता.

वायंडिंगवाले काका

आणि हात तसाच ठेवला तर तापून बंद पडतो, ते नाही सांगितलंत! तुमचं शिक्षण जास्त असेल, जळलेल्या तारेचा वास मला माहीत आहे.

रंधा

घरगुती व्हॅक्यूममध्ये तीच ओढलेली हवा मोटर थंड करते, म्हणून तापतो. कलेक्टरच्या मोटरीला मागे तिचा स्वतःचा पंखा असतो. शिक्षणाचा विषय कुठे आला यात? करंट मोजायचा क्लॅम्प मीटर तुमच्याकडे आहेच ना?

वायंडिंगवाले काका

मला मीटर वापरायला शिकवू नको. तू जन्माला यायच्या आधी पंपाच्या मोटरी उघडत होतो. पंपाचा वॉल्व्ह बंद ठेवून चालवून बघ काय होतं!

रंधा

पाणी तापतं, सील जातो. करंट तिथेही कमीच होतो. म्हणून तर मोठे सेंट्रिफ्युगल पंप वॉल्व्ह बंद ठेवून सुरू करतात.

पटाशी

अहो, मी धूळ म्हणत होतो. पंप कुठून आला?

वाकस

आता कसं बरं वाटतंय! धागा तुमचा आणि भांडतंय दुसरंच कोण.

काका बरोबर आहेत असं माझं मत. आमच्या इथे संध्याकाळी व्होल्टेज एकशेऐंशीला येतं, तेव्हा माझा कलेक्टर घुरघुरतो आणि सुरूच होत नाही. त्यात आणखी ड्रम लावला तर संपलंच.

रंधा

वाकसबाब, तुम्ही स्वतःच कारण सांगितलंत आणि दोष ड्रमला दिलात. व्होल्टेज पडलं की इंडक्शन मोटर तेवढंच काम करायला जास्त करंट ओढते. सुरू होताना घुरघुरत अडकली तर अजून वाईट. त्याला ड्रम काय करणार? संध्याकाळी चालवू नका, नाहीतर स्टॅबिलायझर घ्या.

वाकस

दिवसभर नोकरी करतो. संध्याकाळी नाही तर केव्हा चालवू, पहाटे चारला? मग सोलकढीबाईंच्या सासूबाई मला 'गिरण' म्हणतील.

सोलकढी

त्या चारला उठलेल्याच असतात.

वायंडिंगवाले काका

लावला मीटर. काल एक दोन एचपीचा दुरुस्त होऊन पडला होता, गिऱ्हाईक यायचं होतं. तोंड उघडं: ८.९ अँपिअर. होज आणि ड्रम जोडून: ७.४. तोंडावर फळी धरून बंद: ४.८.

ठीक आहे. कमी होतो. तीनदा बघितलं.

पण मोटरी जळल्या हे खोटं नाही. म्हणून त्या तिन्हींचे जुने झाकण शोधले, भंगारात पडलेले होते. मागच्या पंख्याची जाळी तिन्हींची भुशाच्या पिठाने लिंपलेली, दमट होऊन घट्ट बसलेली, बोटाने निघेना. मोटरीला वाराच मिळत नव्हता. तिन्हींना वर कापडी पिशवी होती. हे मी आधी बघायला पाहिजे होतं, पण गिऱ्हाईक ड्रम ड्रम म्हणत आलं, मीही तेच धरून बसलो. रंधा, तुझं शिक्षण कामाला आलं म्हणायचं. एकदाच.

रंधा

एकदाच पुरे, काका.

पटाशी

म्हणजे गळकी पिशवी माझं नाक आणि तिची स्वतःची मोटर दोन्ही बंद करत होती. पहिल्या दिवसापासून मी फिल्टर आधी म्हणतोय, सेपरेटर नंतर. धन्यवाद.

रंधा

इतकं खूश होऊ नका. तुमचा कॅनिस्टर सेपरेटरशिवाय या पावसाळ्यात काय होतो ते सप्टेंबरात सांगा. ओलं पीठ घड्यांत थापलं की आतली फिरकी फिरवून निघत नाही, काढून बाहेरून आत कॉम्प्रेसरची हवा मारावी लागते. आणि कागदी घेतला असता तर दमटपणाने बसलाच असता. पॉलिएस्टर घेतलात म्हणून वाचलात.

पटाशी

...गेल्या ऑगस्टात दोनदा काढून धुतला होता. सांगणार नव्हतो. बॅफलचं माप पाठवा.

वाकस

मी काही माझं मत बदललेलं नाही. कुळागरातच सोडणार. पण नालीदार होज कापून छोटा केला परवा, तुमच्या सांगण्यावरून नव्हे, फाटलाच होता. ओढ वाढली आहे. बघून ठेवलं.

आणि सँडिंग करताना एन-९५ लावतो आता. बायकोने आणून दिलेत. पंचा तिने पोलपाट पुसायला घेतला.

पटाशीबाब, ती जुनी कापडी पिशवी टाकली नसेल तर मला द्या. नारळाची सोडणं भरून ठेवायला बरी पडेल.