मदत हवी आहे : अडीचशे फुटांवरचं पाणी, केळी आणि सोलर पंप

रावेर तालुक्यात आमचं सात एकर रान, त्यातली तीन एकर केळी, ठिबकवर. राज्य सरकारच्या 'मागेल त्याला सौर कृषी पंप' योजनेत साडेसात एचपीसाठी अर्ज करायचा आहे. खुल्या प्रवर्गाला १० टक्के हिस्सा भरावा लागतो, त्याची सोय आहे. काळजी वेगळीच आहे.

मे महिन्यात पारा ४५ च्या आसपास, वरून गरम वारं. मृगबागेचे, म्हणजे जून-जुलैत लावलेल्या केळीचे, घड नेमके तेव्हा भरत असतात. पानं कडेनं करपतात, झाड वाकतं. अशा दिवसांत झाडाला रोज वीसेक लिटर पाणी लागतं. एकरी साडेचौदाशे झाडं धरली तर तीन एकरांना ८७ हजार लिटर. लाइट आली तर रात्री, आणि अंधारात बागेत शिरून व्हॉल्व्ह फिरवायचे म्हणजे घरचे जागेच राहतात. म्हणून दिवसाचं पाणी हवं. शिवाय भुसावळजवळच्या दीपनगर केंद्रात कोळसा जाळूनच वीज होते, आणि त्याच धुरानं हे ऊन वाढतंय, हे मला मनापासून खुपतं.

ट्यूबवेलचं पाणी अडीचशे फुटांवर आहे. एवढ्या खोलीवरून सोलर तीन एकर भिजवेल का? सकाळी ऊन कोवळं असताना शेवटच्या नळीपर्यंत प्रेशर पोचतं का? आणि जूनच्या वादळात पॅनलचा ढाचा टिकतो का? ज्यांनी वापरलाय त्यांनी कृपया सांगा.

प्रतिसाद (चोपडा)

दादा, अर्ज करा, पण हिशेब दोन एकरांचा धरा. अडीचशे फूट म्हणजे ७६ मीटर, त्यात ठिबकच्या प्रेशरचे १०-१५ मीटर मिळवा, झाले नव्वद. एवढ्या उंचीला साडेसातचा पंप चांगल्या उन्हात दिवसाला साधारण साठ हजार लिटर देईल. मेमध्ये पॅनल ६५ अंशांपर्यंत तापतं, आणि २५ च्या वर दर अंशाला वीज सुमारे ०.४ टक्क्यानं घटते. ते यात धरलंय. पाण्याची पातळी मात्र पंप चालू असताना मोजा, बंद असताना नाही. बागेचे लहान-लहान भाग पाडा. सकाळी नऊपर्यंत एकच व्हॉल्व्ह उघडा, दुपारी दोन व्हॉल्व्ह. शेततळ्यात साठवलं तर ठिबकला प्रेशर द्यायला दुसरा पंप लागेल, तो खर्च आधीच धरा.

वाऱ्याचं म्हणाल तर पायाचं काँक्रीट स्वतः उभं राहून भरून घ्या. योजनेत पाच वर्षांची दुरुस्तीची हमी आणि विमा आहे, त्याचे कागद हातात आल्याशिवाय सही करू नका. तिसऱ्या एकरासाठी जुनं कनेक्शन चालू ठेवता येतं का, ते अर्जाआधीच विचारून घ्या.