‘साठीनंतर सगळेच विसरतात’ या पोस्टला उत्तर

माजघर
कालच्या पोस्टखाली दोन ओळी लिहून समाधान होईना, म्हणून वेगळा धागा काढतेय. पोस्टचा सारांश असा: साठीनंतर सगळेच विसरतात, डॉक्टरकडे गेलात की एमआरआय, मग जन्मभराची गोळी, त्यापेक्षा ब्राह्मी, भिजवलेले बदाम आणि शब्दकोडी पुरे. वाचून अंगाचा तिळपापड झाला.

बाबा गेल्यानंतर माझी आई गॅस चालू ठेवून देवळात जायला लागली. नातेवाइकांनी निदान करून टाकलं, डिमेन्शिया, म्हणजे स्मृतिभ्रंश. न्यूरॉलॉजिस्टनी तिला तीन शब्द लक्षात ठेवायला सांगितले: आंबा, खुर्ची, रुपया. पाच मिनिटांनी विचारलं तर, “नाही हो आठवत, माझं डोकंच गेलंय.” ते म्हणाले, एक फळ होतं. “आंबा.” बसायची वस्तू? “खुर्ची.” म्हणजे शब्द आत गेले होते, ते शोधून काढायची उमेद तिच्यात उरली नव्हती. माझ्या सासऱ्यांना अल्झायमर होता. त्यांना ‘फळ’ म्हटल्यावर ते ठासून “केळं” म्हणाले, आणि मला कुणी शब्द सांगितलेच नाहीत म्हणून भांडले. तिथे मेंदूतल्या आठवणी साठवणाऱ्या भागालाच, हिप्पोकॅम्पसलाच, आधी मार बसतो, नवं काही साठतच नाही.

आईचं निघालं डिप्रेशन, आणि बी-12 तळाला गेलेलं. शुगरसाठी वर्षानुवर्षं मेटफॉर्मिन घेत होती. त्याने बी-12 उतरतं हे आम्हाला कुणी सांगितलंच नव्हतं. उपचार झाले, आता भिशीचा हिशेब पुन्हा तीच ठेवते. बदामांवर विसंबून राहिलो असतो तर तिला ‘म्हातारचळ’ म्हणून कोपऱ्यात बसवलं असतं.

पारावरचा
ती पोस्ट माझी आहे. तुमच्या आईंना बरं वाटलं, आनंद आहे. आता माझ्या वडिलांचं ऐका. तीन डॉक्टर झाले, एकानेही दहा मिनिटं दिली नाहीत. बाबा बोलायला तोंड उघडेपर्यंत चिठ्ठी लिहून तयार. डोनेपेझिल ही विसरण्यावरची गोळी सुरू केली, जुलाब लागले, वजन उतरलं. पुढे मीच वाचलं की या गोळीने आजार थांबत नाही, काही जणांना थोडे दिवस थोडं बरं वाटतं, एवढंच. मग एवढा खर्च आणि एवढी भीती कशासाठी?

माजघर
डोनेपेझिलबद्दल तुम्ही म्हणता ते खरं आहे. अल्झायमरवरच्या लेकॅनेमॅब या नव्या औषधाला अमेरिकेत 2023 साली मंजुरी मिळाली, तेही घसरण जरा मंद करतं, थांबवत नाही. पण माझा मुद्दा गोळीचा नाहीच. कारण शोधा, एवढंच म्हणतेय. थायरॉईड, बी-12, डिप्रेशन, झोपेच्या गोळ्या, दारू यांपैकी काही निघालं तर त्यावर करण्यासारखं बरंच असतं. आणि बी-12 ही दुर्मिळ भानगड नाही. पुण्याचे मधुमेहतज्ज्ञ डॉ. चित्तरंजन याज्ञिक यांच्या गटाने 2006 साली पुणे परिसरातल्या मध्यमवयीन पुरुषांची पाहणी छापली, त्यात 67 टक्क्यांचं बी-12 कमी होतं.

बारामास
मी मानसोपचार विभागात काम करतो, म्हणून एक खडा टाकतो. बी-12 कमी सापडलं म्हणजे विसरण्याचं कारण तेच, असं नाही. ज्याला अल्झायमर आहे त्याचंही बी-12 कमी असू शकतं, आणि मग इंजेक्शनं देऊन स्मृती परत येत नाही. दुसरं, उतारवयात पहिल्यांदाच आलेलं डिप्रेशन ही काहींच्या बाबतीत डिमेन्शियाचीच सुरुवात ठरते. ताई, फॉलोअप सोडू नका.

माजघर
सोडलेला नाही. पण हे ऐकायला कडू लागलं.

शेवंती
डिप्रेशनवर उपचार म्हणे! माझ्या वहिनीला शॉक दिले. आजार गेला, सोबत दोन वर्षं गेली. मुलाची मुंज तिला आठवत नाही. अल्बममध्ये पैठणी नेसून मातृभोजनाला बसलेली स्वतःला बघते आणि विचारते, हे कुणाकडचं? आजाराने विसरलेल्यांबद्दल सगळे लिहितात, उपचाराने विसरलेल्यांबद्दल कोण लिहिणार?

रातपाळी
नर्स आहे. शॉक म्हटलं की लोकांच्या डोळ्यांसमोर हातपाय बांधलेला पेशंट येतो. 2017 च्या मानसिक आरोग्य कायद्याने भूल आणि स्नायू शिथिल करणारं औषध दिल्याशिवाय ईसीटी, म्हणजे हेच शॉक, देण्यावर बंदी आहे. अन्नपाणी सोडून दगडासारख्या पडलेल्या बाया ईसीटीनंतर उठून चहा मागताना मी पाहिल्यात. घाबरवून कुणाचा जीव धोक्यात घालू नका.

शेवंती
मी बांधण्याबद्दल अवाक्षर काढलं नाही. वहिनीला भूल दिलीच होती. मी आठवणींबद्दल बोलतेय, तुम्ही कायदा सांगताय.

बारामास
2010 मध्ये 84 अभ्यास एकत्र तपासले गेले. ईसीटीनंतर स्मृती घसरते ती मुख्यतः पहिले तीन दिवस, पंधरवड्यानंतर बऱ्याच चाचण्यांत रुग्ण आधीपेक्षा सरस ठरतात. शिवाय डिप्रेशनमध्येही आठवणी पुसट होतात, सगळं खापर ईसीटीवर फोडू नये.

शेवंती
त्या चाचण्या कसल्या? शब्दांच्या याद्या पाठ करायच्या. मुंज आठवते का, हे त्यात कोणी विचारलं? 2003 मध्ये ब्रिटिश मेडिकल जर्नलमध्ये रुग्णांच्या स्वतःच्या सांगण्यावरचा आढावा आला होता. किमान एक तृतीयांश जणांनी आठवणी कायमच्या गेल्या असं सांगितलं होतं. तुमच्या लेखी ते सगळे खोटारडे का? आणि मुंजीच्या वेळी वहिनी ठणठणीत होती, डिप्रेशन नंतर आलं. तुमच्या घरातलं कुणी असतं तर ‘खापर’ हा शब्द वापरला असता?

बारामास
आवाज चढवून पुरावा बदलत नाही.

रातपाळी
डॉक्टर, जरा दमानं घ्या, तो शब्द लागलाय त्यांना. ईसीटीच्या आसपासच्या महिन्यांच्या आठवणी, कधीकधी त्याहून मागच्याही, कायमच्या जाऊ शकतात हे तुम्हालाही माहीत आहे. आमच्याकडे संमतीच्या कागदावर ती ओळ आहे, पण ती वाचून किती घरांना समजावली जाते?

बारामास
जातात, मान्य आहे. ईसीटी डोक्याच्या एकाच बाजूने, विजेच्या लहान पल्सने (ठोक्यांनी) दिलं तर नुकसान कमी होतं, आणि त्यासाठी नातेवाइकांनी विचारलं पाहिजे. तरीही आत्महत्येच्या टोकावर असलेल्या पेशंटला मी ईसीटीच सुचवेन.

शेवंती
वहिनी जिवंत आहे ती त्यामुळेच, हे मीही जाणते. पण हे आधी कुणी सांगितलं असतं तर आम्ही तिला डायरी तरी लिहायला लावली असती.

कानोसा
गोळ्यांचा विषय निघालाय तर माझंही ऐका. स्किझोफ्रेनियाच्या औषधांबरोबर हात थरथरू नयेत म्हणून पॅसिटेन देतात. भावाला वर्षानुवर्षं तीच चालू, आणि आम्ही त्याला कामचुकार म्हणत राहिलो. बाजारातून काय आणायचं ते गल्लीच्या तोंडाशी पोचेपर्यंत विसरायचा. त्या आजारातच स्मृती कमजोर होते, त्यात ही गोळी भर घालते. डॉक्टरांनी हळूहळू कमी केल्यावर थोडा फरक पडला. स्वतःच्या मनाने मात्र बंद करू नका.

माजघर
हे मला माहीत नव्हतं. आईच्या सगळ्या गोळ्यांची यादी घेऊन जाते. पारावरचा, तुमच्या बाबांचं पुढे काय?

पारावरचा
बी-12 आणि थायरॉईड करून घेईन, रक्त द्यायला काय जातंय. एमआरआय मात्र नाही.

रातपाळी
एकच विचारते दादा, बाबा चालतात कसे?

पारावरचा
पाय घासत. जमिनीला चिकटल्यासारखे. गुडघे गेलेत.

रातपाळी
आणि लघवी?

पारावरचा
हल्ली कपड्यांत होते. वयाने.

रातपाळी
दादा, चालणं, लघवी आणि विसरणं तिन्ही एकत्र असलं की मेंदूत पाणी साठलंय का ते पाहावं लागतं. ते रक्तात दिसत नाही, स्कॅनमध्येच दिसतं. ते निघालं तर शंट, म्हणजे ते पाणी काढून देणारी नळी, बसवून बऱ्याच जणांचं चालणं सुधारतं, विसरणंही काही वेळा. नसेलही बाबांना. पण हे गुडघ्यांवर ढकलून सोडू नका.

पारावरचा
हे तिघांपैकी एकाही डॉक्टरने विचारलं नाही. रविवारी भाऊ येतोय, स्कॅनचं ठरवतो. पोस्ट मात्र काढणार नाही. पेशंटला चालायला न लावता चिठ्ठी लिहिणाऱ्यांवर माझा राग आहे, आणि तो राहणारच.