मदत हवी आहे: दोन चेतापेशींच्या मध्ये फट कशासाठी?

मुलगी दहावीत आहे. काल तिला चेतासंस्था समजावताना कागदावर दोन चेतापेशी काढल्या आणि त्यांच्यात पुस्तकात असते तशी फट ठेवली. तिने नेमकं तिथेच बोट ठेवलं. "आई, इथे तर तार तुटलीये. मग करंट पुढे कसा जातो?"

मला येत होतं ते सांगितलं. पेशी शांत असताना आतली बाजू बाहेरच्यापेक्षा साधारण ७० मिलिव्होल्टने ऋण असते. आवेग आला की सोडियम आत घुसतं, क्षणभर आतली बाजू धन होते, मग पोटॅशियम बाहेर पडतं आणि सगळं जागेवर. अक्षतंतूच्या, म्हणजे पेशीच्या लांब धाग्याच्या, टोकाशी कॅल्शियम आत येतं, पिशव्यांतलं रसायन बाहेर सांडतं आणि साधारण २० नॅनोमीटरची फट ओलांडून पलीकडच्या पेशीला चिकटतं.

इथवर ठीक. पण "मग सरळ जोडूनच का नाही दिल्या?" यावर मी अडकले. तिच्याकडून पाठ करून घ्यायचं नाहीये, तिला कळायला हवंय. कुणी सांगेल का?

प्रतिसाद १
लेकीचा प्रश्न फार चांगला आहे. सरळ जोडलेल्या पेशी असतातही. हृदयाच्या स्नायूत त्या आहेत, मेंदूतही काही ठिकाणी आहेत. फटीत वेळ जातो खरा, पण तो अर्ध्या मिलिसेकंदाच्या आसपास. त्या बदल्यात मिळते 'नको' म्हणायची सोय, आणि ती फार मोठी गोष्ट आहे.

तिला हात कोपरात वाकवायला सांगा आणि दुसरा हात दंडाच्या मागच्या बाजूला ठेवायला सांगा. पुढचा स्नायू घट्ट होतो, मागचा सैल पडतो. चटका बसल्यावर हात मागे येतो तेव्हाही हेच होतं. त्वचेकडून आलेला निरोप एकच, पण मज्जारज्जूत एका वाटेने तो पुढच्या स्नायूच्या पेशीला 'चल' सांगतो. दुसऱ्या वाटेवर मध्ये एक छोटी पेशी असते, ती ग्लायसिनसारखं रसायन सोडून मागच्या स्नायूच्या पेशीला गप्प करते. निरोप कुठलं रसायन नेतं आणि पलीकडे ते पकडणारा कोणता ग्राही बसलाय, यावर त्याचा अर्थ ठरतो.

प्रतिसाद २
शास्त्रज्ञ ऑटो लोवींचा १९२१ चा प्रयोगही सांगा. बेडकाच्या हृदयाकडे जाणारी व्हेगस चेता उत्तेजित केली, ठोके मंदावले. त्या हृदयाभोवतीचा द्रव दुसऱ्या हृदयाला दिला, तर तेही मंदावलं! चेतेतून रसायन सुटतं हे असं दिसलं, आणि तो निरोपही 'थांब' असाच होता.

धागाकर्ती
मनापासून आभार. दंड चाचपून झाला, मागचा स्नायू खरंच मऊ पडतो. आता ती विचारतेय, रसायन फटीत साचून राहिलं तर?

प्रतिसाद १
साचू देत नाहीत. स्नायूपाशी ॲसिटिलकोलीन सुटतं, त्याचे तुकडे करणारं विकर फटीतच असतं आणि मिलिसेकंदांत काम उरकतं. इतर बरीच रसायनं पेशी परत आत ओढून घेतात. स्नायूपाशी रसायन असं हटलं नाही, तर स्नायू सैलच पडणार नाही.