अनुभव धागा: रिव्ह्यूला पाठवण्याआधी तुम्ही कोडचं काय करता?

पुल रिक्वेस्ट (सहकाऱ्याने आपला बदल तपासून मुख्य कोडमध्ये घ्यावा, अशी विनंती) उघडायची, चॅटवर लिंक टाकायची, 'बघ ना जरा' म्हणून मोकळं व्हायचं, हे सगळ्यांच्याच ओळखीचं. त्याआधी तुम्ही काय करता ते लिहा. नियमावली नको, ती प्रत्येक टीमकडे असते नि कोणी वाचत नाही. घडलेलं सांगा.

*

मी रिव्ह्यूच जास्त करते, त्या बाजूने लिहिते. एका पुल रिक्वेस्टमध्ये चाळीसेक फायली बदललेल्या. जवळजवळ सगळ्या फॉर्मॅटरने (कोडची मांडणी आपोआप नीट करणाऱ्या साधनाने) हलवलेल्या. खरा बदल एवढाच: सवलतीच्या अटीत 'पेक्षा जास्त'च्या जागी 'जास्त किंवा तेवढंच'. स्पेसचे फरक झाकून डिफ (जुन्या-नव्या कोडमधला फरक) पाहिला तेव्हा कुठे तो दिसला. आता मी सरळ परत पाठवते. फॉर्मॅटिंगची कमिट (बदलांची एक नोंद) वेगळी, लॉजिकची वेगळी. 'ब्लेममधला (कोणती ओळ शेवटी कोणी बदलली, ते दाखवणारा) इतिहास बिघडतो' ही सबबही चालत नाही; तशा कमिट वगळायची सोय गिटमध्ये (कोडमधल्या बदलांची नोंद ठेवणाऱ्या साधनात) २०१९ पासून आहे.

*

माझं साधं आहे. 'गिट ॲड'ला डॅश पी लावायचं आणि बदलाचा एकेक तुकडा हो-नाही करत स्टेज करायचा, म्हणजे कमिटसाठी निवडायचा. तपासण्यापुरते टाकून विसरलेले प्रिंट तिथेच सापडतात.

*

टीममधल्या एका नव्या मुलाच्या कोडमध्ये होतं: पाठव(बिल, ट्रू, फॉल्स). विचारलं, हा ट्रू कसला? त्याने चॅटवर व्यवस्थित समजावलं: मसुदा असला तरी पाठवायचं, पण ग्राहकाला कळवायचं नाही. म्हटलं, हेच कोडमध्ये दिसू दे की! त्याने दोन्हींना नावं दिली, आणि लगेच त्याच्याच लक्षात आलं की मसुदा पाठवायची वेळ कुठेच येत नाही. एक पॅरामीटर उडाला.

*

'छोटं पाठवा' हा नेहमीचा सल्ला मान्य. गूगलच्या जाहीर मार्गदर्शिकेतही १०० ओळी साधारण ठीक, १००० बहुधा जास्तच, असं आहे. पण आमच्याकडे एक फीचर तुकड्यातुकड्यांनी आलं. प्रत्येक तुकडा चोख. फक्त एका थरात विनंती फसली की तीन प्रयत्न, त्याखालच्या थरातही तीन. बंद पडलेल्या सर्व्हरला एकाच विनंतीचे नऊ धक्के! तेव्हापासून पहिल्याच पुल रिक्वेस्टच्या वर्णनात सगळ्या तुकड्यांचा आराखडा लिहितो.

*

वर्णनात 'काय केलं' कशाला? ते डिफमध्ये दिसतंच. का केलं आणि कोणता पर्याय सोडला, ते लिहा. शंका असेल त्या ओळीवर मी स्वतःच आधी कमेंट टाकते: 'इथे लॉक हवं का?' रिव्ह्यूअर थेट तिथे पोचतो.

आराखडावाल्यांना एक विचारायचंय: मधेच बेत बदलला की पहिलं वर्णन कोण सुधारतं? आमचं घोडं तिथेच अडलंय.