लेओपोल्दो त्रिएस्ते: दुय्यम भूमिकांत वाया गेला की तिथेच फुलला?

रसिका: काल 'द गॉडफादर'चा दुसरा भाग (१९७४) परत पाहिला आणि परत त्या घरमालकापाशीच अडकले. कुत्र्यापायी विधवेला घराबाहेर काढणारा सिन्योर रोबेर्तो, म्हणजे इटालियन नट लेओपोल्दो त्रिएस्ते. तिची बाजू घेणारा व्हितो म्हणजे केवढा दादा आहे हे कळल्यावर घाबरून पैसे परत करायला येतो. उगाच हसतो, भाडं पाच डॉलरनी उतरवतो, समोरचा काहीच बोलत नाही म्हटल्यावर दहानी. जाताना दार उघडता उघडत नाही. समोर व्हितो म्हणून रॉबर्ट डी निरो बसलाय, तरी मी बघत होते ते त्रिएस्तेकडे. माझं ठाम मत आहे, हा माणूस दुय्यम भूमिकांसाठीच होता. नायक म्हणून फुलला नसता.

अनिकेत: अजिबात पटलं नाही. तो नायक होऊन गेलाय! मुळात रेज्जो कालाब्रियाचा नाटककार. १९५२ साली दिग्दर्शक फेलिनीने 'द व्हाइट शेख'मध्ये त्याला नवरदेव केला. बायको मधुचंद्रात, रोममध्ये, चित्रकथेतल्या नटापायी गायब होते आणि हा नातेवाइकांना सांगत सुटतो, ती आजारी आहे. रात्री कारंज्यापाशी बसून रडतो. अख्खा सिनेमा त्याच्या त्या विस्फारलेल्या डोळ्यांवर उभा आहे. पण सिनेमा चालला नाही, आणि पुढची पन्नास वर्षं याच्या वाट्याला पाद्री, घरमालक, हॉटेलचा मॅनेजर. याला फुलणं म्हणायचं?

माधवी: पन्नास वर्षं रडगाणं नव्हतं हो. दिग्दर्शक पिएत्रो जेर्मीने 'सिड्यूस्ड अँड अबँडन्ड'मध्ये दिलेल्या कफल्लक बॅरनसाठी त्याला १९६५ साली सहायक अभिनेत्याचा 'नास्त्रो दार्जेन्तो' हा इटलीतला सिनेपुरस्कार मिळाला. मला हळहळ वाटते ती वेगळीच. त्याने दोन सिनेमे दिग्दर्शित केले, ते आज कुणाच्या गावीही नाहीत. लेखक-दिग्दर्शक त्रिएस्ते गेला, त्याचं कुणालाच काही नाही.

रसिका: माधवीताई, तो लेखक गेला नाही, भूमिकांमध्ये उतरला. 'सिनेमा पारादिसो'तला (१९८८) फादर अदेल्फिओ आठवा. रिकाम्या थिएटरात एकटा बसतो, पडद्यावर चुंबन आलं की हातातली घंटा वाजवतो, आणि वर प्रोजेक्टर चालवणारा आल्फ्रेदो त्या जागी रिळात कागद खोचतो. अख्ख्या गावाची सेन्सॉरशिप त्या एका हातात! तरीही तो पाद्री दुष्ट वाटत नाही. आपण गावाचं भलं करतोय, असं त्याला मनापासून वाटतं. एवढं सगळं त्या थोड्या वेळात दाखवायला माणूस आतून लेखकच लागतो.

अनिकेत: पाद्री मान्य, शंभर टक्के मान्य. पण तुझ्याच बोलण्यात उत्तर आहे. पाच मिनिटांत जो एवढं देतो, त्याला दोन तास दिले असते तर? आणि एक विचारू? 'व्हाइट शेख' पाहिलायस?

रसिका: नाही पाहिला. फेलिनीचाच 'ई व्हितेल्लोनी' पाहिलाय. त्यातही त्याचं नाव लेओपोल्दोच, आणि तोही नाटककारच. म्हाताऱ्या नटाला जीव तोडून नाटक वाचून दाखवतो, सोबतचे मित्र एकेक करून सटकतात, तरी हा वाचतोच आहे. तेवढ्यावरूनच मी नायकाबद्दल बोलले, ते चुकलं. आज रात्री 'व्हाइट शेख' लावते. घरमालकाबद्दलचं मत मात्र तेच.